अंतिम निकाल होईपर्यंत

आबासाहेब जगदाळ्यांच्या मेंदूनं आपल्या सुनेला शंभरपैकी चौदा गुण दिले. रस्त्यावरून धरून आणलेल्या कुठल्याही माणसाला तो नऊ-दहा देतच होता, त्यामुळे बावीस वर्षं एका छपराखाली काढून ऊर्मिलानं वरचे चार-पाच तेवढे कमावले होते. ती स्वतः खटवलीच्या शाळेत विज्ञान शिकवायची. चौदा गुण पडलेल्या मुलाला ती शाळा सुटल्यावर थांबवून घ्यायची आणि तुझं लक्ष कुठं असतं, असं विचारायची. इथं तिला तसं विचारणारं कुणी नव्हतं.

तिच्या नणंदेला, शैलजाला, ब्याऐंशी मिळाले होते. जिल्हा न्यायालयातल्या न्यायाधीशबाईंनी पडद्यावरचे दोन आकडे पाहिले. आदेशाचा मसुदा यंत्रानं तयारच ठेवला होता. बाईंनी तो वाचला, एका ठिकाणी 'यांचेकडे'चं 'यांच्याकडे' केलं आणि सही केली. अंतिम निकाल होईपर्यंत आबासाहेबांचा ताबा त्यांच्या मुलीकडे, पुण्याला. ताबा हा शब्द कोर्टात जमिनीला चालतो, ट्रॅक्टरला चालतो, तसा सासऱ्यालाही चालतो.

"हा अंतरिम आदेश आहे," न्यायाधीशबाई समजुतीनं म्हणाल्या. "मधल्या काळापुरता. अंतिम सुनावणीत सगळं नीट बघितलं जाईल."

अंतिम सुनावणीला त्या न्यायालयात सहा-सात वर्षं लागत होती. आबासाहेबांनी ऐंशी ओलांडली होती. त्यांच्याजवळ जे काही उरलं होतं तो सगळा मधला काळच होता, हे तिथल्या शिपायालासुद्धा कळत होतं.

कायदा तसा चांगल्या हेतूनं आलेला होता. घरोघरी विस्मरणाच्या आजारानं गाठलेली म्हातारी माणसं वाढली होती, आणि त्यांना कुणी सांभाळायचं यावरून भावाबहिणींत मारामाऱ्या चालल्या होत्या. कुणाला खरोखर सांभाळायचं असे, कुणाला घर हवं असे, आणि दोघंही कोर्टात सारखंच रडत. म्हाताऱ्याला विचारावं तर त्याला स्वतःचं नाव सांगता येत नसे. मग कुणाच्या तरी डोक्यात आलं की तोंडानं सांगता येत नसेल, पण मेंदूला विचारता येईल.

त्यामागचं विज्ञान ऊर्मिलाला ठाऊक होतं. नववीच्या पुस्तकात त्यावर एक पानच होतं. ओळखीचा चेहरा दिसला की माणूस "अरे, हा तर अमका" असं म्हणायच्या कितीतरी आधी, अर्ध्या सेकंदाच्याही आत, मेंदूत विजेची एक बारीक लाट उठते. अनोळखी चेहऱ्याला ती उठत नाही, आणि ती दाबून ठेवणं माणसाच्या हातात नसतं. आजारात आधी नावं जातात, मग नाती जातात, पण ही लाट बरीच वर्षं टिकते. डोक्यावर तारांची टोपी घालायची, समोर चेहरे दाखवायचे, मधूनमधून परक्यांचे चेहरे मिसळायचे आणि लाटा मोजायच्या. जो मेंदूत सगळ्यांत खोल रुतलेला आहे त्याच्या हाती माणूस द्यायचा. कागदावर त्याला परिचयांक म्हणत, लोक ओळखयंत्र म्हणत. वकिलांच्या जिभा बंद पडल्या म्हणून लोकांनी त्याचं स्वागतच केलं होतं. ऊर्मिलानंही केलं होतं.

म्हणून तर ती निर्धास्त होती. आबासाहेब शाळेच्या वेळात एकदा घरातून बाहेर पडून एसटी स्टँडवर सापडले, कुणीतरी पुण्याला कळवलं आणि शैलजा त्यांना न्यायला आली, तेव्हा ऊर्मिला जन्मात पहिल्यांदा नणंदेला नाही म्हणाली. कोर्टात जायचं तर जाऊ या, यंत्र काय ते सांगेल, असंही तीच म्हणाली. आबासाहेबांची पथ्यं, त्यांची औषधं, त्यांचं घाबरून उठणं सगळं तिच्या अंगवळणी पडलेलं. शैलजा दिवाळीला यायची आणि भाऊबीज झाली की जायची, भाऊ गेल्यावर तर भाऊबीजेचंही कारण उरलं नव्हतं. यंत्राला खोटं सांगता येत नाही, यावर ऊर्मिलाचा विश्वास होता. तो विश्वास तिला चांगलाच भोवला.

मुजावर वकिलांचं ऑफिस कोर्टासमोर, झेरॉक्सच्या दुकानाच्या वर होतं. त्यांची मुलगी ऊर्मिलाच्या हाताखाली शिकलेली, त्यामुळे ते तिला बाई म्हणत. त्यांनी तिला अंतरिम आदेशावरच्या अपिलाचं एकूण गणित सांगितलं, आणि ते ऐकताना तिला आपण उगाच जिना चढून आलो असं वाटायला लागलं. वरचं न्यायालय अशा आदेशात सहसा हात घालत नाही. खालच्या न्यायाधीशानं दोन वाटांपैकी एक धरली, तर तुम्हाला दुसरी बरी वाटली म्हणून ते उलटवत नाहीत. नवा पुरावा घेत नाहीत, शेजारीपाजारी बोलावत नाहीत. जे कागद आणि जी चित्रफीत खाली दाखल झाली तेवढ्यातच असं काही दाखवावं लागतं, की जे समोर असून खालच्या कोर्टाला दिसलं नाही.

"आणि आकडा तर समोर आहे," मुजावर म्हणाले. "चौदा. बाई, वाईट वाटून घेऊ नका, पण हा आकडा आला कसा? टोपी नीट बसली नव्हती का? त्यांनी तुमच्या फोटोकडे नीट बघितलं ना?"

"माझ्याकडे?" ऊर्मिलाला हसू आलं. "त्यांनी माझ्याकडे कधीच बघितलेलं नाही."

"कधीच म्हणजे?"

"लग्न झाल्यापासून."

मुजावरांनी हातातला चहा खाली ठेवला.

त्यांना सगळं समजावून सांगायला तिला बराच वेळ लागला, कारण स्वतःच्या घरातली रीत ही काही सांगायची गोष्ट आहे असं तिला कधी वाटलंच नव्हतं. जगदाळ्यांच्या घरात सून सासऱ्यासमोर येत नसे. बाकीच्या भाऊबंदांनी ती चाल कधीच सोडली होती, पण आबासाहेबांनी धरून ठेवली. तसे ते पाटबंधारे खात्यातले इंजिनिअर, चार बुकं शिकलेले, सून नोकरी करते याचा अभिमान असलेले. तिच्या बदलीसाठी ते स्वतः दोनदा झेडपीत जाऊन भांडून आले होते. पण घरात येताना उंबऱ्याशी थांबून खाकरायचे, म्हणजे सुनेला आत जायला वेळ मिळावा. चुकून समोर आलीच तर मान खाली घालायचे. ऊर्मिलाही डोक्यावर पदर घेऊन बाजूला व्हायची. बाहेर मुलांना पृथ्वीची गती शिकवणारी बाई घरात दाराआडून बोलायची, आणि याचं तिला काही वाटत नसे.

सासूबाई होत्या तोवर निरोप त्यांच्यामार्फत जायचे. त्या गेल्यावर तिच्या नवऱ्यामार्फत, रणधीरमार्फत जायला लागले. रणधीर अपघातात गेला तेव्हा मधे कुणीच उरलं नाही, मग दोघांनी भिंतीला मधे घेतलं. आबासाहेब बाहेरच्या खोलीत पेपर वाचता वाचता मोठ्यानं म्हणायचे, "आज आमटी झकास झाली होती," आणि ऊर्मिला स्वयंपाकघरातून म्हणायची, "कोकम नवीन आणलंय." कधी ते पेपरातली बातमीच मोठ्यानं वाचत, आणि ते वाचणं तिच्यासाठीच असायचं. अशी नऊ वर्षं गेली. माहेरचे म्हणाले, परत ये. ती गेली नाही. रणधीरच्या मागे ती त्या घरात विधवा झाली नाही, सूनच राहिली, आणि ते तिला त्या उंबऱ्याशी थांबणाऱ्या माणसानं दिलं होतं. तो होता म्हणून तिला तिथं जागा होती. आजारात बायकोचं नाव गेलं, मुलगा गेल्याचं विसरलं, पण ही रीत गेली नाही. भरवायची वेळ आली तेव्हा ऊर्मिला त्यांच्या बाजूला, जराशी मागे बसून भरवायची. कपडे बदलताना ते डोळे घट्ट मिटून घ्यायचे आणि ती भिंतीकडे बघायची.

मुजावरांनी चाचणीची चित्रफीत मागवून घेतली. ती खालच्या कोर्टात दाखल झालेलीच होती, फक्त कुणी पाहिली नव्हती. आकडा असताना चित्रफीत कोण पाहतो? दोघांनी ती बसून पाहिली. टोपी घातलेले आबासाहेब परक्या बायकांचे चेहरे टकामका बघत होते. पुरुषांचे बघत होते. शैलजाचा चेहरा आला तसे जरा पुढे झुकले. आणि ऊर्मिलाचा फोटो आला की त्यांची हनुवटी छातीला टेकत होती. जितक्या वेळा आला तितक्या वेळा. यंत्रानं पहिल्या निमिषात पकडलं असेल तेवढंच, बाकी पापणी खाली गेलेली. खाली यंत्रानं शेरा मारला होता, 'लक्ष नाही'.

"बाई," मुजावर हळूच म्हणाले, "अख्ख्या जगात त्यांनी एकाच माणसासमोर मान खाली घातली. आणि कोर्टानं लिहिलं की ते तुम्हाला ओळखत नाहीत."

 ऊर्मिलाला रडू येत होतं, पण त्यात आनंदही होता आणि त्याचीच तिला लाज वाटत होती.

अपील दाखल झालं. अपिलाचा निकाल लागेपर्यंत खालच्या आदेशाला स्थगिती द्या, असा अर्ज मुजावरांनी सोबत जोडला होता. तो फेटाळला गेला. वृद्ध गृहस्थ मुलीच्या घरी सुखरूप आहेत, त्यांची उत्तम शुश्रूषा होते आहे, सबब तातडी दिसत नाही. सुनावणीची तारीख वरच्या कोर्टातल्या यंत्रानं पुढच्या वर्षातली काढून दिली.

भेटायला जायची मुभा होती. एसटीला आता चालक नव्हता, पण उशीर पहिल्यासारखाच होता. शैलजाचा फ्लॅट अकराव्या मजल्यावर, सगळीकडे काच. ऊर्मिला पहिल्यांदा गेली तेव्हा आबासाहेब खिडकीशी बसले होते. ती दारात आली आणि त्यांनी मान खाली घातली. ती तिथंच दाराच्या कडेला बसली आणि भिंतीकडे बघत म्हणाली, "परसातल्या आंब्याला मोहोर आलाय."  आबासाहेबांचा चेहरा निवळला, हे तिला न बघता कळलं. परतीच्या गाडीत ती शांत झोपली.

शैलजा वाईट नव्हती, हे सांगायलाच हवं. ऊर्मिलाला ती वाईट असती तर सोपं गेलं असतं. वडिलांसाठी तिनं नोकरीतून अर्धा वेळ काढून घेतला होता. त्यांचं अंग ती स्वतः पुसायची. आणि पुण्यातल्या मोठ्या डॉक्टरांच्या सल्ल्यानं तिनं 'सोबती' आणला होता. टेबलावर ठेवायचं ते एक यंत्र होतं, तांब्याएवढं, त्याला चेहरा होता. विस्मरणाचा रोगी माणसांकडे बघेनासा होतो, मग बोलेनासा होतो, मग खाईनासा होतो, असा डॉक्टरांचा अनुभव होता. म्हणून नजर शिकवायची. सोबती दिवसभर मधूनमधून गोड आवाजात म्हणायचा, "आबा, माझ्याकडे बघा." आबासाहेबांनी डोळे वर केले की त्याचा चेहरा उजळायचा, त्यांच्या आवडीची नाट्यगीतं लागायची. चेहरे बदलत राहायचे. आज बाई, उद्या पोरगी, परवा म्हातारा. प्रत्येकाच्या डोळ्यांत बघायचं.

तिसऱ्या भेटीत आबासाहेबांची मान खाली गेली, पण जरा उशिरानं. त्याच्या पुढच्या वेळी त्यांनी आधी तिच्याकडे पाहिलं, मग काहीतरी चुकल्यासारखे चुळबुळले आणि नजर वळवली.  स्वयंपाकघरात ऊर्मिलानं शैलजाला विचारलं की वन्सं, ते यंत्र जरा बंद ठेवता येईल का, निदान अपील होईपर्यंत.

शैलजानं तिच्याकडे रोखून पाहिलं. "वहिनी, आबा आता पोळी खातात. आल्यावर नुसत्या पेजेवर होते. परवा मला म्हणाले, तू छान दिसतेस. मला माझ्या बापानं आयुष्यात असं म्हटलं नव्हतं. तुमच्या घरात ते भिंतीशी बोलायचे. त्या रीतीत तुम्ही दोघंही जिवंतपणी पुरले गेलात, आणि ते परत मिळावं म्हणून तुम्ही कोर्टात भांडताय?"

ऊर्मिलाला सांगता आलं नाही की त्या भिंतीशी जेवढं बोलणं झालं तेवढं तिचं नवऱ्याशीही झालं नव्हतं. ती बाहेर आली. आबासाहेब ताटलीतली पोळी स्वतःच्या हातानं मोडून खात होते. गाल भरले होते. खटवलीला त्यांना एक घास घालायला तिचा जीव मेटाकुटीला यायचा. ती विज्ञानाची शिक्षिका होती. डोळ्यांसमोरचं नाकारणं तिला जमणारं नव्हतं. उपचार लागू पडला होता.

मुजावरांनी ऐकल्याबरोबर अर्ज तयार केला. अपिलाचा आधारच नष्ट होतो आहे, सबब अपील निकाली निघेपर्यंत नजरेचा व्यायाम थांबवावा. हा अर्ज नक्की मंजूर होईल, असं ते म्हणाले. पुरावा राखून ठेवा म्हटलं की वरचं कोर्ट लगेच ऐकतं. फक्त सही हवी होती. ऊर्मिलानं अर्ज वाचला आणि तो परत दिला.

"थांबवला तर ते परत खायचे बंद होतील," ती म्हणाली.

"कदाचित होतील. कदाचित नाही."

"मग नको."

"बाई, मग अपील जिंकून तुमच्या हातात काय येणार?"

 ते खरं तर ऊर्मिलालाही ठाऊक नव्हतं. त्यांना ज्याच्यामुळे भूक लागली तेच तिला त्यांच्या मनातून पुसत होतं, आणि ते चालू राहू द्यायला ती हो म्हणून आली होती. घरी आल्यावर तिला स्वतःचा, शैलजाचा, कोर्टाचा, सगळ्यांचा इतका संताप आला की तिनं स्वयंपाकच केला नाही. स्वयंपाक न झाल्याचं कुणाला कळणारही नव्हतं.

सुनावणी झाली तेव्हा दुसरा मोहोर गळून गेला होता. दोन न्यायमूर्तींचं पीठ होतं. शैलजाच्या वकिलानं विचारलं की जो माणूस हिच्याकडे बघूही शकत नव्हता, त्याच्याशी हिचं नातं तरी काय म्हणायचं? त्यावर मुजावर उठले आणि त्यांनी चित्रफीत लावली. परकी बाई, आबासाहेबांचे डोळे वर. परका पुरुष, डोळे वर. ऊर्मिला, हनुवटी छातीला. पुन्हा ऊर्मिला, पुन्हा हनुवटी छातीला.  एका न्यायमूर्तींनी चष्मा काढून पुसला. त्यांच्या घरातही कधीकाळी कुणीतरी खाकरून आत येत असावं.

अपील मंजूर झालं. अंतरिम आदेशात हस्तक्षेप करण्याची ही अपवादात्मक वेळ आहे, असं न्यायमूर्तींनी लिहिलं. खालच्या न्यायालयानं अदबीला अनोळख समजण्याची चूक केली. मान खाली घालणं ही या घरापुरती ओळखीचीच खूण आहे, ती यंत्राला मोजता येत नव्हती. सबब यंत्रात तशी सुधारणा करावी, निवडक नजर टाळण्याला गुण द्यावेत आणि चाचणी नव्यानं घ्यावी. यावेळी फोटो न दाखवता माणसं प्रत्यक्ष समोर बसवून. चाचणी होईपर्यंत ताबा आहे तिथंच राहील. दुसऱ्या दिवशी पेपरात बातमी आली, शाळेत पेढे वाटले गेले. मुख्याध्यापकांनी प्रार्थनेनंतर तिचं अभिनंदन केलं आणि मुलांनी टाळ्या वाजवल्या. तिनं हात जोडले.

नवी चाचणी जिल्हा न्यायालयाच्या मागच्या खोलीत झाली. मधे टेबल, एका बाजूला खुर्चीत आबासाहेब, डोक्यावर तारांची टोपी. यंत्रावर बसलेली तंत्रज्ञ मुलगी अदबशीर होती. तिनं ऊर्मिलाला नियम सांगितले. समोरच्या खुर्चीत बसायचं, चेहरा कॅमेऱ्याच्या चौकटीत राहिला पाहिजे. पहिला काही वेळ बोलायचं नाही, मग बोललं तरी चालेल. घंटी वाजेपर्यंत उठायचं नाही. दाराआड उभं राहून दोन वाक्यं बोलू का, असं ऊर्मिलानं विचारलं. तसं करता येणार नाही, मुलगी म्हणाली, आदेशात समोर बसण्याविषयी लिहिलंय. तो आदेश ऊर्मिलानं स्वतःच मिळवला होता.

ती बसली. एवढ्या वर्षांत ती पहिल्यांदा सासऱ्यासमोर खुर्चीवर बसली होती. डोक्यावरचा पदर तिनं घेतला होता, पण तो कॅमेऱ्याला आडवा येतो म्हणून मागे करायला लावला.

आबासाहेबांनी डोळे वर केले. सरळ तिच्या डोळ्यांत पाहिलं. त्यांचे डोळे घारे होते, हे तिला आज कळलं. रणधीरचे तसेच होते आणि ते कुणावर गेले हे तिनं कधी पाहिलंच नव्हतं. ते अगदी मोकळे, प्रसन्न हसले. पाहुण्यांना बघून हसतात तसे. ऊर्मिलानं खालच्या ओठावर दात दाबून धरले. मुलगी पडद्यावरचा आलेख बघत होती, आणि तिच्या चेहऱ्यावरून ऊर्मिलाला आलेख कळत होता.

"आता बोललं तरी चालेल," मुलगी म्हणाली.

 आबासाहेबच आधी बोलले. आवाज बारीक झाला होता, पण बोलणं स्वच्छ होतं.

"बाई, तुम्ही कुठून आलात?"

"खटवलीहून."

"अरे वा, आमच्याच गावच्या," ते खूष झाले. "चहा घेऊन जा हं. आमच्या सूनबाई शाळेत गेल्यात, येतीलच एवढ्यात. मला आमटी त्यांच्याच हातची लागते. इथं चांगलं असतं सगळं, पण आमटी तशी होत नाही." मग जरा पुढे झुकून, गुपित सांगावं तसं म्हणाले, "त्या आल्या की मी घरी जाणार आहे."

ऊर्मिलानं तंत्रज्ञ मुलीकडे पाहिलं. मुलीनं नाही अशी मान हलवली. रोग्याचं बोलणं पुराव्यात धरत नाहीत, तसा कायदाच होता. त्याच्या तोंडावर विश्वास नाही म्हणून तर यंत्र आलं. शैलजा काचेपलीकडे उभी होती. तिच्या हातातली पाण्याची बाटली तशीच धरलेली राहिली होती आणि ती रडत होती.

एक क्षण ऊर्मिलाला वाटलं की गप्प बसावं. आपण कोण ते कळलं तर या माणसाला मेल्याहून मेल्यासारखं होईल, सुनेच्या तोंडाकडे आपण टक लावून बघत होतो म्हणून. पण कळलं तर तो मान खाली घालील. आणि मान खाली गेली की यंत्र ती मोजेल, आता मोजायला शिकलंय ते. त्यांना शरमेनं पाणी पाणी करायचं आणि घरी न्यायचं. तिला त्यांना घरी न्यायचं होतं. दुसरं तिला काहीही नको होतं.

"आबासाहेब," ती म्हणाली. त्यांना हाक मारायचीही ही तिची पहिलीच वेळ. "मीच तुमची सून. ऊर्मिला. मी आलेय तुम्हाला न्यायला."

आबासाहेबांनी तिच्याकडे निरखून पाहिलं. डोळ्यांत बघून, अगदी शिकवल्यासारखं, नजर जराही न हलवता. मग त्यांनी समजुतीनं, तिची फजिती होऊ नये अशा बेतानं मान हलवली.

"नाही हो, बाई. तुमचा काहीतरी घोटाळा होतोय. आमच्या सूनबाई अशा समोर येऊन बसायच्या नाहीत."

ऊर्मिला उठली.

"मॅडम, बसा प्लीज," मुलगी घाईनं म्हणाली. "घंटी व्हायचीय अजून. नोंद अर्धवट राहील."

ऊर्मिला परत खुर्चीत बसली, चेहरा चौकटीत येईल अशी, आणि आबासाहेब तिच्याकडे बघून पुन्हा पाहुण्याला हसावं तसे हसले.